रातकिड्यांच्या आवाजाचा ग्रंथ

त्याला कसर लागलेली आहे. त्याच्याविषयी बोलणारे बहुतेक जण माणसाच्या कातड्याच्या बांधणीपासून सुरुवात करतात, पण ती बांधणी सिनेमावाल्यांनी त्याला नंतर चढवली. मुळात तो म्हणजे कुलपाआड ठेवलेली, पानं पोखरलेली एक लॅटिन प्रत, सतराव्या शतकात स्पेनमध्ये छापलेली. मॅसॅच्युसेट्समधल्या अर्खम गावात मिस्कॅटॉनिक विद्यापीठ आहे, त्याच्या ग्रंथालयात ती असते. ती पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचायची छाती फार थोड्यांना झाली. त्यांतला डॅनफर्थ नावाचा एक विद्यार्थी पुढे अंटार्क्टिकाच्या मोहिमेवर गेला. विमानातून परतताना त्यानं एकदा मागे वळून पाहिलं आणि त्याचं मन कायमचं ढासळलं.

अर्खम नकाशावर नाही. ते विद्यापीठ नाही, डॅनफर्थ नाही, आणि हा ग्रंथही नाही. त्याचं नाव नेक्रोनॉमिकॉन. हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट ह्या अमेरिकन लेखकानं तो कल्पिला. 1922 साली लिहिलेल्या ‘द हाउंड’ ह्या गोष्टीत त्याचं नाव पहिल्यांदा आलं आणि 1924च्या फेब्रुवारीत ‘वियर्ड टेल्स’ मासिकात ते छापलं गेलं. दोन थडगेचोर हॉलंडमधलं एक जुनं थडगं उकरतात, त्यांना हिरव्या जेडचा ताईत सापडतो, आणि ‘अरे, ह्याचा उल्लेख त्या निषिद्ध ग्रंथात आहे’ असं त्यांच्या लक्षात येतं. एवढ्यावर हा पडद्याआड जातो. पुढेही त्याची हीच रीत राहिली. येतो, दोन वाक्यं बोलतो, जातो. पण तो येऊन गेल्यावर खोलीतली हवा बदललेली असते. गावात काही माणसं अशी असतात की ती कधीच चावडीवर येत नाहीत, पण त्यांचं नाव निघालं की बोलणाऱ्यांचा आवाज आपोआप खाली येतो. हा त्या जातीचा.

त्याची कुळकथा मोठी रंगतदार आहे. लव्हक्राफ्टनं 1927 साली ती मुद्दाम बसून लिहिली, अवघी काही पानांची, आणि ती छापून आली तो वारल्यावर, 1938 साली. तिच्यानुसार ह्याचं पाळण्यातलं नाव ‘अल अझीफ’. रात्री किडे जो आवाज करतात, जो वाळवंटातल्या लोकांना पिशाच्चांचं ओरडणं वाटायचा, त्या आवाजाला हा शब्द. रातकिड्यांची किरकिर म्हणा. लिहिणारा सना शहरातला कवी, अब्दुल अलहझ्रेद. बॅबिलोनचे अवशेष आणि मेम्फिसची भुयारं पालथी घालून, अरबस्तानच्या दक्षिणेतल्या रित्या वाळवंटात दहा वर्षं एकटा राहून तो दमास्कसला आला आणि 730च्या सुमारास त्यानं हे लिहिलं. 738 साली भर बाजारात, भर दुपारी, लोकांच्या डोळ्यांदेखत एका न दिसणाऱ्या प्राण्यानं त्याला खाऊन टाकलं. आणि हे कुठे नोंदलंय? तर इब्न खल्लिकानच्या चरित्रग्रंथात. इब्न खल्लिकान मात्र खरा आहे. तेराव्या शतकातला मोठा चरित्रकार, त्याचा कोश आजही अभ्यासक वापरतात. त्यात अलहझ्रेद नाही, एवढंच.

इथे लव्हक्राफ्टचं कसब दिसतं. खोट्या माणसाला तो खऱ्या माणसांच्या पंगतीत बसवतो. 950 साली ग्रीक भाषांतर होतं, करणारा काल्पनिक. 1050 साली ते जाळायला लावणारा कॉन्स्टॅन्टिनोपलचा धर्माध्यक्ष मायकेल मात्र इतिहासातला. 1232 साली ग्रीक आणि लॅटिन दोन्ही प्रतींवर बंदी घालणारा पोप नववा ग्रेगरी तोही इतिहासातला, आणि त्या साली तो खरोखरच पोप होता. प्रती कुठे आहेत? ब्रिटिश म्युझियममध्ये, पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात, हार्वर्डच्या वाइडनर ग्रंथालयात, ब्युनोस आयरिसच्या विद्यापीठात. चार खऱ्या दारांवर टकटक करून झाली की पाचवं दार, मिस्कॅटॉनिकचं, आपण शंका न घेता उघडतो. एकच घोळ झाला. लॅटिन भाषांतरकार म्हणून त्यानं ओलाउस वर्मियसचं नाव घातलं आणि साल दिलं 1228. हा वर्मियस म्हणजे ओले वर्म, डेन्मार्कचा वैद्य आणि संग्राहक, 1588 ते 1654 ह्या काळातला. चारशे वर्षांची चूक. पण मला ही चूक आवडते. जुन्या पोथ्यांच्या शेवटी नकलणाऱ्यानं घातलेल्या शकाच्या आकड्यात असा गोंधळ सापडतो, तेव्हा पोथी अधिकच खरी वाटते.

त्या कवीचं नाव तर लेखणी हातात येण्याआधीचं. पाच वर्षांच्या हॉवर्डला अरबी सुरस कथांचं वेड लागलं. आईला घेऊन तो पौर्वात्य वस्तूंची दुकानं धुंडाळायचा, त्यानं आपल्या खोलीचा एक कोपरा अरबी थाटात सजवून घेतला, आणि खेळात स्वतःचं नाव ठेवलं अब्दुल अलहझ्रेद. अरबी जाणणारे सांगतात की हे नाव व्याकरणात बसत नाही, ‘अल’ दोनदा आलाय. बसणार कसं? ते पाच वर्षांच्या पोराचं नाव आहे. जगातल्या सगळ्यात भयानक म्हणवल्या जाणाऱ्या ग्रंथाच्या मुखपृष्ठावर एका मुलाचं खेळातलं नाव आहे, हे कळल्यापासून मला त्याच्याविषयी माया वाटू लागली.

त्या मुलाच्या घरात वेडाचं सावट होतं. हॉवर्डचा जन्म 1890चा, ऱ्होड आयलंडमधल्या प्रॉव्हिडन्स शहरातला. 1893 साली वडिलांना मनोरुग्णालयात ठेवावं लागलं; 1898 साली ते तिथेच गेले. पुढे आईलाही त्याच रुग्णालयात दाखल करावं लागलं आणि 1921 साली तीही तिथेच गेली. अलहझ्रेदचं नाव त्यानं गोष्टीत पहिल्यांदा घातलं ते ह्याच 1921 साली. नेक्रोनॉमिकॉन वाचणाऱ्याला मरण येतं असं नाही, त्याचं मन जातं. मरणापेक्षा मन जाण्याला जो माणूस इतका भ्यायला, त्यानं ती भीती पुस्तकांतून गोळा केलेली नव्हती.

आता ह्याच्या पोटात काय आहे ते. मंत्रतंत्र आहेत, पण ते वरवरचे. खरी गोष्ट अशी की आपण ज्याला जग म्हणतो ते अनेकांतलं एक आहे. त्या सगळ्यांच्या मधोमध योग-सोथोथ नावाचं एक अस्तित्व आहे, आणि सगळे काळ, सगळी स्थळं त्याच्यात एकवटलेली आहेत. दार तेच, किल्ली तीच, राखणदारही तेच. आपल्याआधी इथे दुसरे कोणी होते आणि आपल्यानंतरही असतील. माणूस मधल्या काळातला पाहुणा, तोही न बोलावलेला.

हे ज्या वर्षांत लिहिलं जात होतं ती वर्षं डोळ्यांसमोर आणावीत. लव्हक्राफ्टला लहानपणापासून आकाशाचा नाद. तेराव्या वर्षापासून तो स्वतःचं खगोलशास्त्राचं हस्तलिखित नियतकालिक काढायचा. त्याच्या तारुण्यात बरेच खगोलशास्त्रज्ञ आपली आकाशगंगा म्हणजेच सगळं विश्व, असं मानत होते. 1925च्या पहिल्या दिवशी एडविन हबलचा निबंध वाचला गेला आणि देवयानी ह्या तारकासमूहातला धुरकट ठिपका म्हणजे आपल्या बाहेरची दुसरी आकाशगंगा असल्याचं ठरलं. एका निबंधानं घराच्या भिंती पडल्या. नेक्रोनॉमिकॉन ह्याच काळात मोठा होत गेला. लव्हक्राफ्ट देव मानत नव्हता, भूतही मानत नव्हता. म्हणून मला हा ग्रंथ काळ्या जादूचा वाटतच नाही. दुर्बिणीतून नजर काढल्यावर माणसाच्या पोटात जो खड्डा पडतो, त्याचं हे पुस्तक आहे.

निषिद्ध पोथी म्हणजे काय, हे आमच्या पिढीला नव्यानं शिकवायला नको. आमच्या घरी गरुडपुराण होतं, लाल कापडात गुंडाळून सुतळीनं बांधलेलं, माळ्यावर. घरात कोणी गेलं तर त्या तेरा दिवसांत वाचायचं, एरवी गाठ सोडायची नाही. मी एका सुट्टीत सोडली. आत नरकांची नावं होती, यमदूत होते, आणि एका पानाच्या कडेला बोटाचा पिवळा ठसा होता, हळदीचा. कोणीतरी दुःखाच्या दिवसांत वाचता वाचता पान उलटलं असणार. तो ठसा पाहिला आणि भीती उतरली. भीती पानांत नव्हतीच, सुतळीच्या गाठीत होती.

लव्हक्राफ्टनं ती गाठ आयुष्यभर सोडली नाही. वाचक विचारायचे, हा ग्रंथ कुठे मिळेल? तो प्रामाणिकपणे कळवायचा की मी रचलेला आहे. मग तुम्हीच लिहून का काढत नाही, असंही विचारलं गेलं. त्याचं म्हणणं असं की उल्लेखांनी जी धास्ती निर्माण झाली आहे तिला पुरून उरेल असं पुस्तक कोणालाच लिहिता येणार नाही, वाचकाची निराशाच होईल. त्याच्या मृत्यूनंतर लोकांनी ऐकलं नाही. 1977 साली न्यूयॉर्कमध्ये ‘सायमन’ ह्या टोपणनावानं एक नेक्रोनॉमिकॉन छापून आला, सुमेरियन देवतांची नावं घातलेला. तो अजून खपतो. त्यात पानं आहेत, मजकूर आहे, आकृत्या आहेत, आणि म्हणून त्यात काहीच नाही.

मित्रांना मात्र त्यानं ग्रंथ मोकळ्या हातानं वापरू दिला. फ्रँक बेल्कनॅप लाँगनं डॉक्टर जॉन डी ह्या राणी एलिझाबेथच्या काळातल्या खऱ्या विद्वानाच्या नावावर एक इंग्रजी भाषांतर घातलं. लव्हक्राफ्टनं ते मान्य करून पुढच्या गोष्टीत वापरलं. क्लार्क अ‍ॅश्टन स्मिथ, रॉबर्ट हॉवर्ड, रॉबर्ट ब्लॉक ह्यांनी आपापले शापित ग्रंथ रचले आणि त्याच्या शेजारी ठेवले. कोणी कधी न पाहिलेलं एक कपाट अशा रीतीनं भरत गेलं. ज्या माणसानं ह्या कपाटाचा पाया घातला, त्याच्या हयातीत त्याच्या नावाचं बांधणीचं पुस्तक निघालं एकच, 1936 साली, तेही छपाईच्या चुकांनी भरलेलं. पुढच्या मार्चमध्ये, शेहेचाळिसाव्या वर्षी तो गेला.

त्या इंग्रजी भाषांतराभोवती ‘द डनिच हॉरर’ ही गोष्ट फिरते, 1929 सालची. मला त्यातली एक जागा फार जवळची आहे. विल्बर व्हेटली, वय पंधरा, उंची आठ फुटांच्या घरात, अंगावर मळके कपडे, हातात गावच्या दुकानातली स्वस्त बॅग. आजोबांकडून आलेली डॉक्टर डीची प्रत त्याच्याकडे आहे, पण ती खंडित. दार उघडायचं तर त्याला 751व्या पानावरचा एक मजकूर हवा आहे. तो मिस्कॅटॉनिकला येऊन लॅटिन प्रत उघडतो आणि दोन्ही ताडून पाहू लागतो. ग्रंथपाल हेन्री आर्मिटेज त्याच्या खांद्यावरून उघड्या पानावर नजर टाकतात आणि त्यांच्या अंगावर काटा येतो. विल्बर प्रत घरी न्यायची परवानगी मागतो. नीट सांभाळीन म्हणतो. डीच्या प्रतीची दुर्दशा मी केलेली नाही, असंही सांगतो. आर्मिटेज नाही म्हणतात आणि इतर ग्रंथालयांनाही सावध करतात. ऑगस्टच्या एका रात्री विल्बर चोरी करायला येतो आणि ग्रंथालयाच्या राखणीचा कुत्रा त्याला मारतो. विल्बर माणूस नव्हता, त्याचं काम साधलं असतं तर पृथ्वी उरली नसती, हे सगळं मान्य. तरी ‘नीट सांभाळीन’ म्हणणारा, फाटक्या प्रतीबद्दल स्वतःची सफाई देणारा तो पोरगा वाचनालयाच्या टेबलाशी उभा राहिलेला दिसला की मी दर वेळी पान उलटायचा थांबतो.

एक गोष्ट मला खुपते आणि ती दडवून ठेवणं बरोबर नाही. लव्हक्राफ्टच्या पत्रांत आणि गोष्टींतही परक्या वंशांविषयी उघड द्वेष आहे. त्याच्या चेहऱ्याचा पुतळा असलेलं जागतिक फँटसी पुरस्काराचं चिन्ह 2015 साली बदलायचं ठरलं, ते ह्याच कारणानं. ग्रंथाच्या कर्त्याचं विशेषण नेहमी ‘वेडा अरब’. ज्ञान पूर्वेकडचं, वेड पूर्वेकडचं, आणि ते कुलपात ठेवायचा शहाणपणा तेवढा न्यू इंग्लंडचा. सुरस कथांवर जीव टाकणाऱ्या त्या मुलाला मोठेपणी अरबाचा वेडा का करावासा वाटला, ह्याचं दुःख होतं.

आमच्याकडे हा आला तो आडवाटेनं. वाचनालयातून नारायण धारपांची पुस्तकं घरी नेणाऱ्यांना ती वाट ठाऊक आहे. परदेशी भयकथा त्यांनी मराठी घरांत, मराठी बोलीत आणून वसवली. स्टीफन किंगची ‘ग्रामा’ ही 1984ची गोष्ट. तिच्यातली आजी कुठली कुठली पुस्तकं मागवून वाचते म्हणून चर्चमधून काढली जाते. शेवटी तिच्या तोंडून लव्हक्राफ्टच्या कपाटातली नावं येतात, त्यांत हस्तूर हेही. त्या गोष्टीवरून धारपांची ‘आजी’ झाली, आणि राही अनिल बर्वे ह्यांच्या 2018च्या ‘तुंबाड’ चित्रपटात कोकणातल्या पावसात साखळीनं जखडलेली म्हातारी ज्या नावानं गप्प होते, ते हस्तरचं. एकोणिसाव्या शतकात अँब्रोज बिअर्सनं धनगरांच्या सौम्य देवाला दिलेलं हे नाव इतका प्रवास करून इथे आलं. ग्रंथ कुठेच नाही, पण त्याच्या शेल्फावरून निसटलेला एक शब्द आमच्या वाड्यात राहून गेला.

आणि बनारसही त्याच्या वाटेवर आहे. ‘थ्रू द गेट्स ऑफ द सिल्व्हर की’, लव्हक्राफ्ट आणि हॉफमन प्राइस ह्या दोघांनी मिळून लिहिलेली, जुलै 1934ला छापलेली. रँडॉल्फ कार्टर नावाचा माणूस चांदीची किल्ली घेऊन त्या दारातून आत जातो, ज्या दाराबद्दल नेक्रोनॉमिकॉननं बजावलेलं असतं की पलीकडच्या वाटाड्यापासून सांभाळा. वाटाड्या भेटतो, आणि तो दुष्ट नसतो. कार्टरला वाटून जातं की त्या वेड्या कवीचे इशारे कदाचित मत्सरातून आले असतील. जे त्याला साधलं नाही, ते त्यानं भयंकर ठरवलं. सगळ्या गोष्टींत मिळून ग्रंथाचा स्वभाव एवढा उघडा पडतो तो इथेच. इतकी वर्षं कुलपाआड बसून लोकांना भिववणारा हा दारापर्यंतच गेलेला होता.

दारापलीकडे कार्टरला कळतं की कार्टर एक नाही. लहान कार्टर, म्हातारा कार्टर, माणूस नसलेले कार्टर, दुसऱ्या ग्रहांवरचे, पृथ्वी जन्मायच्या आधीचे. त्याला समजावलं जातं ते शंकूच्या उदाहरणानं. शंकू जसा कापाल तसा छेद बदलतो, कधी वर्तुळ, कधी लंबवर्तुळ, कधी अन्वस्त. शंकू मात्र तोच. घटाकाश-मठाकाश ऐकत वाढलेल्या मराठी वाचकाला इथे ओळखीचं वाटेल. आपल्याकडे घट फुटतो तो क्षण सुटकेचा मानला आहे. कार्टरला तिथे भीती वाटते ती मरणाची नाही. आपण आपण नाही, कोणापासून वेगळेही नाही, ह्याची. दोन संस्कृतींनी एकच वाक्य ऐकलं, एकीला आनंद झाला आणि एकीला धडकी भरली. मी अनेकदा वाचूनही कोणाच्या बाजूनं उभं राहावं हे ठरवू शकलेलो नाही. घरातलं कोणी गेलं तेव्हा घटाकाशानं मला धीर दिला, आणि त्याच रात्री कार्टरचंही पटलं.

सगळी जगं मोकळी झालेली असताना कार्टर मागतो काय, तर यॅडिथ नावाच्या ग्रहावरच्या एका नखंवाल्या जीवाचं शरीर. मिळतं. मग परतायचं तर मानवी देह परत मिळवायची रीत हवी, आणि ती एका चर्मपत्रावर लिहिलेली. ते त्याला वाचता आलेलं नव्हतं. सुवासिक लाकडाच्या पेटीत घालून त्यानं ते पृथ्वीवर ठेवलं होतं, अर्खमजवळच्या रस्त्याकडेला उभ्या केलेल्या मोटारीत.

युगं लोटतात. न्यू ऑर्लिन्सच्या एका घरात कार्टरच्या मालमत्तेच्या वाटणीसाठी चौघं बसलेली असतात. त्यांतला एक बनारसचे स्वामी चंद्रपुत्र. डोक्याला पागोटं, दाट काळी दाढी, हातात मोठे मोठे पांढरे मोजे, आवाज पोकळ आणि धातूसारखा. ते सांगतात की कार्टर जिवंत आहे, वाटणी थांबवा, आणि ते चर्मपत्र हवं आहे. शिकागोचा वकील, कार्टरचा नातेवाईक, तो संतापतो. हा बहुरूपी आहे म्हणत स्वामींच्या चेहऱ्याला हात घालतो, मुखवटा निघतो, आणि आतलं जे दिसतं ते पाहून वकील जागीच कोसळतो. खोलीच्या कोपऱ्यात शवपेटीच्या आकाराचं एक उंच घड्याळ असतं, चार काट्यांचं, पृथ्वीवरच्या कुठल्याही वेळेशी न जुळणारं. स्वामी पाय ओढत त्याच्याकडे जातात, त्याचं दार उघडतात, आत शिरतात आणि दार लावून घेतात. मागच्यांनी उघडून पाहिलं तेव्हा आत कोणी नव्हतं. घड्याळ चालू होतं.